तिसरा मजला

९ जानेवारी

आज आठवणशाळेत नाव घातलं. ताई म्हणाली, "केस पिकल्यावर शाळा! बाकावर मावशील का?" ताई माझ्याहून मोठी. आमच्याच गल्लीत केस कापायचं दुकान चालवते आणि कात्रीपेक्षा तिची जीभ जास्त चालते. मी म्हटलं, मी मावेन, तूच मावणार नाहीस.

डॉक्टरांनी गेल्या महिन्यात सांगून टाकलं. ह्यांचा विसर वाढतच जाणार, औषध नाही. आधी जवळचं जाईल, मग लांबचं, शेवटी माणसं. हे सगळं डॉक्टर पेन फिरवत फिरवत बोलले. मी सगळी नोकरी चष्म्याच्या दुकानात केली. लोकांच्या डोळ्यांवर भिंगं चढवायची आणि विचारायचं, "आता बरं दिसतंय की मघाशी बरं होतं?" हात टेकून बसणं मला शिकवलेलंच नाही. बरं दिसेपर्यंत भिंग बदलत राहायचं, एवढंच येतं.

शाळा टायरच्या दुकानामागे आहे. पहिल्या मजल्यावर जतन, दुसऱ्यावर घडण, आणि लिफ्ट नाही. ह्यांनी जन्मभर लिफ्टच दुरुस्त केल्या. जिन्याकडे बघून म्हणाले, "लिफ्ट नाही? मग आठवणी वर चढतात कशा?" सगळी रांग हसली. असा माणूस काय विसरणार, असं मला क्षणभर वाटलं.

आमची जेवढी वर्षं ह्यांच्या डोक्यात आहेत तेवढी सगळी निसटायच्या आत वस्तूंत बसवून घ्यायची. मग विसर येऊ दे नाहीतर विसराचा बाप येऊ दे. मी शाळेत असेन तेव्हा हे ताईच्या दुकानात बसतील.

१५ जानेवारी

पहिला धडा. शिकवणाऱ्या मास्तरांच्या हातात कायम एक मऊ फडकं असतं. बोलता बोलता समोरची वस्तू पुसत राहतात. पाठीमागे सगळे त्यांना फडकंमास्तर म्हणतात.

रीत अशी. ज्या प्रसंगाची आठवण बसवायची त्यातलीच एखादी वस्तू टेबलावर ठेवायची. त्या प्रसंगात हजर असलेल्या दोघांनी तिच्यावर तळवे ठेवायचे आणि आळीपाळीनं सांगायचं. दोघांचं जुळलं की वस्तू गरम होते, मग जड होते. आठवण धरली. पुढे कुणीही ती वस्तू हातात घेतली की तो प्रसंग त्याच्याभोवती उभा राहतो. मास्तरांनी मला एक बटण दिलं. बटण कसलं, हातोडी उचलावी तसं! आणि मी एका परक्या स्वयंपाकघरात उभी. कुणी बाई गुणगुणत कांदा चिरत होती. माझ्या डोळ्यांना पाणी आलं ते त्या कांद्याचं.

चेहरा मात्र नव्हता. होता, पण श्वास पडलेल्या काचेआडून दिसावा तसा. मास्तर म्हणाले, "चेहरा कधीच धरत नाही. आवाज धरतो, वास धरतो, कपडे तर उत्तम धरतात. आतला माणूस कोण हे कपड्यांवरूनच ओळखायचं. म्हणून कपडे नीट सांगत जा. एकदा बसलेली आठवण उठवता येत नाही."

मी विचारलं, दोघांचं जुळलं नाही तर?

"तर एकानं वाकायचं. वाकणाऱ्याची स्वतःची आठवणही त्या क्षणापासून तशीच होते. त्यालाच घडण म्हणतात."

"आणि कुणीच वाकलं नाही तर?"

मास्तर फडक्याची घडी घालत बसले.

दैनंदिनी लिहायला हरकत नाही, पण काम संपेपर्यंत मागची पानं वाचायची नाहीत. वाचून सांगितलेलं वस्तू धरत नाही. मी लिहिलेल्या पानांना कपडे वाळत घालायचा चिमटा लावून टाकलाय. चिमट्याला ह्यांनी नाव ठेवलं, हेडमास्तर.

२ फेब्रुवारी

आज आठवण सांडताना पाहिली. देवा.

आमच्या वर्गात एक पोस्टमन आहे. तो भावाला घेऊन आला होता, लहानपणच्या घराची आठवण बसवायला. वस्तू त्या घराच्या दाराची कडी. भाऊ म्हणाला, वडिलांनी त्या दिवशी दार लावून घेतलं होतं. पोस्टमन म्हणाला, उघडं होतं, मी आत आलो ना! होतं, नव्हतं, होतं, नव्हतं. दोघेही हट्टाला पेटले. मग खोलीत ओलसर वास आला, टेबलावरून काहीतरी ठिबकल्यासारखा आवाज झाला आणि कडी गार पडली.

पोस्टमन भावाला म्हणाला, "आपण भांडत कशावरून होतो?"

भाऊ म्हणाला, "कुणास ठाऊक." दोघेही हसले. ते घर, ते वडील, त्या दारामागचं सगळं दोघांच्याही डोक्यातून गेलं होतं. जिना उतरताना पोस्टमननं ती कडी माझ्या हातात दिली. म्हणाला, "ही कुणाची तरी राहिलीये बघा."

मला जेवण गेलं नाही. काहीही झालं तरी मी आमचं सांडू देणार नाही.

११ फेब्रुवारी

उद्या आमची पहिली बसवण, लिफ्टची. आज तालीम केली.

मी मुलाखतीला गेले होते आणि लिफ्ट दुसऱ्या-तिसऱ्या मजल्याच्या मध्ये बंद पडली. मिट्ट अंधार. मी ओरडले, दाराला लाथा घातल्या. वरून आवाज आला, "लाथा मारू नका हो, ती मनाला लावून घेते." मग म्हणाला, "नाव काय तुमचं?" मी म्हटलं, नाव कशाला हवंय, आधी बाहेर काढा. "बरं. मग घाबरू नका, तिसरा मजला. मी आलोच, तिसरा मजला." तेव्हापासून मी तिसरा मजला. लग्न झाल्यावरही ह्यांनी मला कधी नावानं हाक मारली नाही. आम्ही राहतो तळमजल्यावर. शेजारच्यांना वाटतं, ह्यांचं डोकं पहिल्यापासूनच फिरलेलं.

तालमीत सगळं जुळलं, लाथांसकट. फक्त हे म्हणाले, तू पिवळ्या स्वेटरमध्ये होतीस. अहो, राखाडी होता! पिवळा ताईचा. तिच्या अंगात कायम तोच असतो, कोपरावर ठिगळ असलेला. दिवसभर डोळ्यांसमोर तोच, म्हणून आठवणीतही तोच. मी पुन्हा सांगितलं तर हे गोंधळले, बोटं चोळायला लागले. डोळ्यांत भीती आली. ती मला बघवत नाही.

जाऊ दे. रंगाचं काय घेऊन बसायचं? गिऱ्हाईक म्हणेल ते बरं. उद्या मी पिवळा म्हणणार.

१२ फेब्रुवारी

धरली! लिफ्टच्या दाराची एवढीशी किल्ली, इस्त्रीएवढी जड झाली.

मास्तरांनी विचारलं, काही वाकवलंत? मी म्हटलं, होतं काहीतरी क्षुल्लक, आता आठवत नाही. ते म्हणाले, "म्हणजे छान बसली."

घरी येऊन किल्ली हातात घेतली. अंधार, वरून ह्यांचा तरणा आवाज, आणि पिवळ्या बाह्यांतले माझे हात दारावर आपटताहेत. काय जोर होता अंगात! आवाज मात्र ताईचा वाटतो. आमचे आवाज पहिल्यापासून सारखे, फोनवर आईसुद्धा फसायची. चेहरा पुसट आहे, पण मी मला ओळखणार नाही की काय? हसले आणि मग खूप रडले. ह्यांनी माझ्या पाठीवर हात ठेवला. म्हणाले, "तिसरा मजला, आलो ना मी."

एवढं वर्ष असंच जाऊ दे.

८ मार्च

ह्यांना आणायला ताईच्या दुकानात गेले. हे खुर्चीत, गळ्याभोवती कापड, ताई दाढी करत होती. मला बघून म्हणाले, "या, बसा ना. तुमचा नंबर माझ्यानंतर." आणि ताईला, "अगं, ह्यांना पाणी दे."

ताईचा वस्तरा हवेतच थांबला. म्हणाली, "अहो, ती तुमची बायको. मी मेहुणी."

हे आळीपाळीनं आम्हा दोघींकडे बघत राहिले, मग उगीचच हसले. घरी येताना माझा हात धरला होता, पण रस्ता ओलांडण्यापुरता.

मी दिवसभर लांब राहते ती कुणासाठी? ह्यांच्यासाठीच ना! शाळा सोडावी तर आठवणी जातात, शाळा करावी तर मीच पुसली जाते. इकडे आड, तिकडे विहीर. ह्यांना पुन्हा ताईकडे सोडलं आणि दुपारभर शाळेच्या जिन्यात बसून रडले. फडकंमास्तर आले, आपलं फडकं दिलं आणि वर निघून गेले.

२१ मार्च

घर रंगवल्याची तालीम. सगळी बिघडली.

हे घर घेतलं तेव्हा रंगारी परवडत नव्हता. मी आणि ह्यांनी मिळून रंगवलं. ह्यांनी माझ्या नाकाला रंग लावला आणि मी सूड म्हणून ह्यांच्या चपलेत ओतला. ब्रश अजून ठेवलाय. आज हे सांगतात, बायको शिडीवर होती, पिवळ्या स्वेटरमध्ये, आणि "ह्या बाई" दारात उभ्या होत्या. ह्या बाई म्हणजे मी! मी म्हटलं, अहो, मी तुमची बायको, नाकाला रंग मला लावलात. तर हे इतके घाबरले की पायजमा ओला झाला.

मास्तरांना विचारलं, ह्यांची आठवण नाही का वाकवता येणार? मी शिकलेय आता. ते म्हणाले, "ठिसूळ वस्तू वाकत नाही, मोडते. वाकायचं ते धडधाकट माणसानं." खरंच आहे. मी धडधाकट आहे. एक ब्रश गेला माझा, बाकी उभा संसार आहे.

२२ मार्च

ब्रश धरला. छान जड झालाय.

हे आणि ताई घर रंगवताहेत आणि मी दारात उभी राहून बघतेय. मजा करत होती दोघं. नवीन घर आणि मी ब्रशला हातसुद्धा लावला नाही? आळशीच होते म्हणायची.

३० मे

बरेच दिवस लिहिलं नाही. काम जोरात चालू आहे. ह्यांच्या नोकरीतल्या बढतीचा दिवस बसवला, हे मोटरसायकलवरून पडले होते ते बसवलं, आईच्या शेवटच्या आजारपणात हे रात्ररात्र जागले ते बसवलं. एकही सांडली नाही. शाळेत माझं नाव झालंय. वरच्या मजल्यावरचे लोक सांगतात, वाकावं तर हिच्यासारखं. वस्तूंच्या वजनानं कपाटाची फळी वाकली, खाली विटा लावल्या.

एक गोष्ट मनात येते. आमच्या संसारात ताई फारच होती. मोटरसायकलवरसुद्धा मागे तीच बसलेली. मी नवऱ्याबरोबर काहीच केलं नाही का आयुष्यात? सगळं आठवून बघते आणि सगळीकडे मी दारात, नाहीतर खिडकीत. किती फिकी बाई आहे मी. ह्या विचारानं सकाळी उठवतच नाही.

१६ जून

ताईनं आज कपाट आवरताना ब्रश उचलला. बराच वेळ तशीच उभी राहिली आणि मग ब्रश फेकून दिला. जमिनीची फरशी फुटली.

"मी कधी आले होते तुझं घर रंगवायला?" केवढ्यानं ओरडली. "मी तेव्हा परगावी होते! तू रंगवलंस मेले, तू! नाकाला रंग लावून फोटो काढायला निघाली होतीस, पत्रात लिहिलं होतंस!"

मी तिला बसवलं, पाणी दिलं. तीही विसरायला लागली की काय? दोघांचं एकदम कसं निभावणार मी? डॉक्टरांना फोन करून तिचीही वेळ घेतली. ते ऐकून ताईनं तोंडावर पदर दाबला.

२ ऑगस्ट

मोजा बाहेर काढला.

ह्याबद्दल मी कधी लिहीत नाही. आम्हाला मुलगी झाली होती. थोडेच दिवस होती, दवाखान्यातून घरी आलीच नाही. हे कामावरून परस्पर यायचे. हाताला ग्रीसचा वास म्हणून बाहेरच्या नळावर पुन्हा पुन्हा हात धुवायचे आणि मग एक बोट तिच्या मुठीत द्यायचे. ती सोडायची नाही. हे जेवायचेसुद्धा डाव्या हातानं. मोजा मी पलंगावर पडल्या पडल्या विणला. एकच पुरा झाला.

आम्हा दोघांखेरीज तिला कुणी पाहिलं नाही. ताई परगावी, तिला पत्रानंच कळलं. फोटो नाही. नाव ठेवायचं राहिलं. ती ह्या जगात आहे ती दोन डोक्यांत, आणि त्यातलं एक रिकामं होत आलंय.

तालमीत ह्यांनी सगळं सांगितलं. नळ, मूठ, डावा हात. काही म्हणजे काही विसरले नव्हते. आणि मग म्हणाले, "माझी बायको पलंगावर होती, पिवळा स्वेटर घालून. तुम्ही नर्स होतात का हो?"

मी म्हटलं, मी तिची आई आहे.

हे उठले. मोजा छातीशी धरून भिंतीला टेकले आणि म्हणाले, "माझ्या मुलीला नेऊ नका."

३ ऑगस्ट

ताईला सगळं सांगितलं. ती म्हणाली, "बसवू नकोस. तुझ्या डोक्यात आहे तेवढी पुरे."

"आणि मी मेले की?"

"मेल्यावर सगळेच मरतात. तीही गेली तर गेली. पण तिला माझ्या पदरात टाकू नकोस. ते पाप मला पेलायचं नाही."

"ताई, तिला बघणारं दुसरं कुणी नाही."

"तू आहेस ना! तू आई आहेस तिची! हे मास्तर काय, हे किल्ल्या न् ब्रश काय, सगळं घाल चुलीत!" ताई रडत होती. तिला असं रडताना मी आईच्या वेळीसुद्धा पाहिलं नव्हतं.

दिवसभर विचार केला. ह्यांच्या डोक्यातून ती चार-दोन महिन्यांत जाईल. मग मी एकटी. मी गेले की ती पुन्हा एकदा मरेल, आणि ह्या वेळी रडायलाही कुणी नसेल. बसवली तर उद्यापासून मी तिची आई नसेन. पण ती असेल. कुणीही मोजा उचलला की ती मूठ आवळेल. आई कोण, ह्यानं तिला काय फरक पडतो? तिला तर मला हाक मारायलाही वेळ मिळाला नाही.

मला फार भीती वाटते आहे. एकदाच लिहून ठेवते. तिच्या उजव्या कानामागे तीळ होता. तिचा वास गरम कपड्यासारखा होता. मी तिची आई आहे.

४ ऑगस्ट

मोजा धरला. एवढासा मोजा, पण दोन्ही हातांनी उचलावा लागला.

बिचारी ताई. पलंगावर पडून विणत होती आणि मी कोपऱ्यात पाण्याचा तांब्या घेऊन उभी होते. एवढं दुःख पोटात घालून ही बाई इतकी वर्षं लोकांचे केस कापत हसत राहिली. माझ्यानं राहवेना. तशीच तिच्या दुकानात गेले, तिला मिठी मारली आणि म्हटलं, "ताई, तू कधी बोलली नाहीस. पण तुझी मुलगी मला आठवते गं."

ताईच्या हातातून कात्री पडली. खुर्चीतलं गिऱ्हाईक अर्ध्या केसांनी तसंच बसून राहिलं.

२० ऑगस्ट

आज माझी गादी बाहेरच्या खोलीत आणली. मधल्या खोलीत मी इतके दिवस का झोपत होते, मलाच समजत नाही. नवरा-बायकोच्या खोलीत तिसऱ्याचं काय काम? ताईला म्हटलं, तू दुकानामागच्या त्या खुराड्यात राहतेस, हे बरं दिसत नाही. भावोजींना रात्री कुणी लागतं.

"कोण भावोजी?" ताईनं विचारलं.

ह्या दोघांत काय बिनसलंय कुणास ठाऊक. मोठ्या बहिणीला कसं विचारायचं? ती सामान घेऊन आली खरी, पण मधल्या खोलीत जमिनीवर झोपते. भावोजी मात्र तिच्याकडे बघून खुशीत असतात. मला "अहो बाई" म्हणतात, पण फार अदबीनं. चांगला माणूस आहे.

मला अलीकडे उगीच रडू येतं. भाजी चिरताना, जिना चढताना. कारण शोधायला जावं तर आत काहीच सापडत नाही. रिकाम्या खोलीत आपल्याच पावलांचा आवाज यावा तसं होतं. कशासाठी जगतेय तेच कळत नाही. लग्न केलं नाही, मूलबाळ नाही, बहिणीच्या दारात आयुष्य काढलं.

२७ सप्टेंबर

ताई शाळेत जाऊन भांडून आली. फडकंमास्तरांचं फडकं हिसकावून त्यांच्याच तोंडावर मारलं म्हणे. मला कुठे तोंड दाखवायची सोय नाही! शाळेनं मला नुकतंच दुसऱ्या मजल्यावर शिकवायला घेतलंय, वाकायचं कसं ते नव्या लोकांना दाखवायला. मास्तर तिला एवढंच म्हणाले की बसलेली आठवण उठत नाही, आणि तुमच्या बहिणीनं प्रत्येक वेळी आपणहून मान डोलावली.

घरी येऊन ताईनं मला समोर बसवलं आणि कपाटातून लिफ्टची किल्ली काढली. "ही पहिली. ही तरी खरी असेल. धर."

मी धरली. अंधार. एक बाई दारावर लाथा मारतेय. वरून भावोजींचा आवाज, "घाबरू नका, तिसरा मजला." गोड आहे आठवण.

"कोण आहे आत?" ताईनं विचारलं.

"तू."

"नीट बघ! मी जन्मात लिफ्टमध्ये अडकले नाही. तू अडकलीस. घरी येऊन आईला सांगत होतीस, एक आगाऊ माणूस भेटला म्हणून. ही तू आहेस!"

मी पुन्हा नीट बघितलं. खरंच बघितलं, तिच्यासाठी. चेहरा लागत नाही. आवाज तिचा. आणि अंगात पिवळा स्वेटर.

"ताई," मी म्हटलं, "माझ्याकडे पिवळा स्वेटर कधीच नव्हता."

ताईनं किल्ली घेऊन स्वतः बघितलं. मग स्वतःच्या बाहीकडे बघितलं. कोपरावरच्या ठिगळाकडे. तिथेच तो स्वेटर अंगातून ओरबाडून काढला आणि तोंड खुपसून रडली. म्हणाली, "तुझी ती वही वाच. मागची पानं वाच." मी म्हटलं, काम चालू असताना वाचायचं नसतं, आता तर मी शिकवते, मीच नियम मोडू? चिमटा आहे तसाच आहे.

१४ नोव्हेंबर

आज वर्ग लांबला. दार ताईनं उघडलं आणि ते लावायला ती माझ्या मागे राहिली. भावोजी खिडकीजवळच्या खुर्चीत होते. गेले काही दिवस ते कुणालाच ओळखत नाहीत, ताईलाही नाही. पण आज त्यांचे डोळे कधी नव्हे ते स्वच्छ होते. दाराकडे बघून हसले आणि म्हणाले, "काय तिसरा मजला, किती उशीर! मी कधीचा वाट बघतोय."

अगदी किल्लीतला आवाज. हातही पुढे केला होता.

माझे पाय तिथेच थांबले, का ते माहीत नाही. मागे ताईनं हुंदका दिला. म्हणाली, "जा ना गं. तुला बोलावताहेत." इतकी वर्षं संसार करून अजून लाजते. मीच वेड्यासारखी दोघांच्या मध्ये उभी होते. पटकन बाजूला झाले, ताई त्यांना दिसावी म्हणून.

तर त्यांची मान माझ्याबरोबर वळली. हातही वळला. मी अजून थोडी सरकले, भिंतीपर्यंत, तरी ते माझ्याकडेच बघत राहिले. मग हळूहळू हात खाली आला.

दिसत नसेल नीट. नंबर वाढलाय बहुतेक. उद्या जुन्या दुकानातून भिंगं आणून त्यांचे डोळे तपासते.